सकाळचा मल्याळम खेळ

बाई, गेल्या रविवारी गंगापूर रोडच्या एका छोट्या हॉलमध्ये आम्ही तो पिक्चर पुन्हा दाखवला. तुम्ही पाहिलेला, तोच. आता त्याची डीव्हीडी मिळते आणि पडद्यावर खाली मराठी ओळी येतात. त्या ओळी मी लिहिल्या आहेत. हे तुम्हाला कळवावं असं बरेच दिवस मनात होतं, पण तुम्हाला जाऊन आता इतकी वर्षं झाली की पत्र कुठल्या पत्त्यावर टाकायचं हा प्रश्नच उरला नाही. तरी लिहिते आहे, कारण तुमच्याशी माझं एक भांडण अर्धवट राहिलं आहे. तुम्ही वारलात म्हणून ते मिटलं, असं मी मानत नाही.

तुमच्या हाताखालून शेकडो मुलं गेली, तुम्हाला सगळं कुठून आठवणार, म्हणून पहिल्यापासून सांगते. देवळाली कॅम्पातली आपली मराठी शाळा, आठवीचा वर्ग. माझे अप्पा लष्कराच्या वर्कशॉपात मेकॅनिक होते. कॅम्पातल्या बाकीच्या मल्याळी लोकांनी आपापली मुलं इंग्रजी शाळेत घातली. अप्पांनी मला मराठीत घातलं, का तर ज्या गावात जन्म काढायचा त्या गावाची भाषा पोरीला आली पाहिजे. घरी मल्याळम, गल्लीत हिंदी आणि तुमच्या तासाला मराठी, असं माझं चाललं होतं. मराठीत माझा पहिला नंबर यायचा, हे तुम्हालाही नाकारता येणार नाही. माझ्या निबंधांवर तुमचा एकच शेरा असायचा, "साधं लिही." अलंकार दिसला की तुमचं तांबडं पेन खाली यायचं, आणि मला त्याचा राग यायचा, कारण मला अलंकार फार आवडायचे.

तुम्ही विषय दिला होता, 'मी पाहिलेला चित्रपट'. आदल्याच आठवड्यात अप्पांनी भाड्याने व्हीसीआर आणला होता आणि शेजारपाजारच्या मल्याळी कुटुंबांनी आमच्या खोलीत दाटीवाटीने बसून एक पिक्चर पाहिला होता. मी मन लावून त्यावर लिहिलं. तुम्ही मला वाचायला उभं केलंत. मी सुरुवात केली, "परवा आम्ही घरी एक मल्याळम चित्रपट पाहिला." पुढचं वाक्य तोंडातून निघायच्या आत मागच्या बाकांवर खिदळणं सुरू झालं. मला वाटलं, कुणाची तरी बाकावरून वही पडली असेल. तुम्ही खिडकीपाशी उभ्या होतात. वळलात, आणि तुमचा चेहरा मी कधी पाहिला नव्हता तसा झाला.

"बस खाली. घरी काय बघता ते घरातच ठेवायचं. असले विषय निबंधाला घ्यायचे नसतात."

तुम्ही माझ्या हातातून कागद घेतलात आणि न वाचता वरपासून खालपर्यंत तांबडी रेघ मारलीत. न वाचता, बाई. मधल्या सुट्टीत एका मैत्रिणीने मला कोपऱ्यात नेऊन सांगितलं तेव्हा कुठे मला कळलं की नाशकात मल्याळम पिक्चर म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे काय येतं. स्टेशनकडच्या एका जुन्या टॉकीजला सकाळच्या खेळाला तसले पिक्चर लागायचे. पोस्टरवर अर्ध्या कपड्यातली बाई, कोपऱ्यात गोलात प्रौढांसाठीचा ए, आणि वर मोठ्या अक्षरात मल्याळम, जणू तो भाषेचा नाही, मालाचा प्रकार. आमच्याकडे वर्षाला किती तरी पिक्चर निघायचे, त्यातला हा थोडा गाळ गोळा करून कुणीतरी उत्तरेकडे पाठवत होतं, आणि त्यावरून एका अख्ख्या मुलखाची ओळख ठरत होती. माझ्या आजीची भाषा होती ती. त्या दिवशी घरी जाताना आयुष्यात पहिल्यांदा मला वाटलं की अम्माने बाजारात माझ्याशी मल्याळममध्ये बोलू नये. हे मी तुम्हाला कधीच माफ केलेलं नाही.

तुम्ही फक्त एवढं विचारायला हवं होतं, "कशाबद्दल आहे गं तो?" मी सांगितलं असतं. एका खाडीकाठच्या गावातला पदवी घेतलेला मुलगा घरी बसून आहे. गावात चहाचं दुकान आहे, तिथे सकाळी एक जण मोठ्याने पेपर वाचतो आणि बाकीचे सरकारवर वाद घालतात. दर दुसऱ्या घरातला कर्ता पुरुष आखातात आहे, दर दुसऱ्या घरी परदेशी घड्याळ आहे आणि त्या घड्याळाकडे बघत बसणारी बायको. हिरो म्हणावा तर त्याला मारामारी येत नाही, पोट थोडं सुटलेलं आहे, लुंगी दुमडून भाजी आणायला जातो आणि शेवटी हरतो. आमच्याकडचे हिरो हरायचे, बाई. घराच्या वाटण्या व्हायच्या, युनियनवाले मोर्चे काढायचे, बायका नवऱ्याला तोंडावर प्रश्न विचारायच्या, आणि हे सगळं पडद्यावर असं दाखवायचे की अप्पा बघता बघता म्हणायचे, हा बघ, हा तर आमच्या गावचा टपालवाला.

मी घरी येऊन सांगितलं तेव्हा अम्मा स्वयंपाकघरात नारळ खवत होती. तिचा हात थांबला. अप्पा दारात बूट काढत होते. त्यांना ती टॉकीज चांगली माहीत होती. रोज सायकलवरून तिच्यासमोरून जायचे आणि मान दुसरीकडे वळवायचे. मला वाटलं ते शाळेत येऊन भांडतील. मला तेच हवं होतं. अप्पांनी बूट भिंतीशी नीट लावून ठेवले आणि म्हणाले, "तुझ्या बाईंना पिक्चर दाखवू या."

दर ओणमला, आमच्या मोठ्या सणाला, आमचं मल्याळी मंडळ एका हॉलमध्ये जेवण आणि नाचगाणी करायचं. त्या वर्षी अप्पांनी मंडळाच्या बैठकीत हट्ट धरला की मुंबईहून त्याच पिक्चरची रिळं मागवायची, रविवारी सकाळी टॉकीज घ्यायची आणि मराठी शेजाऱ्यांनाही बोलवायचं. आणि टॉकीज कुठली, तर तीच. माणसं उठून उभी राहिली. आमच्या बायका तिथली पायरी चढणार नाहीत, कुणी बघितलं तर काय म्हणेल, तुमचं डोकं फिरलंय का. अप्पा त्यांच्या वर्कशॉपातल्या आवाजात म्हणाले की आपलं नाव जिथं खराब झालंय तिथंच ते धुवायचं, दुसऱ्या नळावर जाऊन काय उपयोग. अम्मा मागे बायकांमध्ये बसली होती. ती म्हणाली, "मी जाणार." मग बाकीच्याही बायका हळूहळू तयार झाल्या.

तुम्हाला आमंत्रण द्यायला मी शिक्षकांच्या खोलीत आले. तुम्ही डबा खात होतात. मी म्हटलं, "बाई, रविवारी सकाळी आमच्या मंडळाचा पिक्चर आहे. निबंधात होता तोच." तुम्ही विचारलंत, "कुठे?" मी टॉकीजचं नाव सांगितलं. शेजारच्या टेबलावरचे सर खोकले. तुम्ही चष्मा काढलात, पदराने पुसलात आणि म्हणालात, "बघते." मला वाटलं, संपलं.

रविवारी सकाळी आम्ही पोचलो तर टॉकीजबाहेर मोठा बोर्ड लावलेला. टॉकीजच्या पेंटरने सुबक अक्षरात लिहिलं होतं, ओणमनिमित्त मल्याळम कौटुंबिक चित्रपट. आणि खाली उजव्या कोपऱ्यात, नेहमीसारखा, गोलात ए. रंग अजून ओला होता. एका बाजूला आमच्या बायका पांढऱ्या, सोनेरी काठाच्या साड्या नेसून, केसात गजरे घालून उभ्या. दुसऱ्या बाजूला तिकीट खिडकीपाशी सकाळच्या खेळाची नेहमीची मंडळी, मफलर बांधून. दोन्ही बाजू एकमेकींकडे बघत होत्या. अप्पांनी पेंटरला बोलावलं. तो बिचारा कानाची पाळी धरून म्हणाला, "सवयीनं झालं हो साहेब. मल्याळम लिहिलं की हात आपसूक गोल काढतो."

तो घासलेटचा बोळा आणायला आत पळाला. अम्मा थांबली नाही. ती पुढे झाली आणि आपल्या साडीच्या पदरानेच तो ए पुसायला लागली. अक्षर गेलं, पण बोर्डावर एक लाल फराटा उरला आणि पदरावर दुसरा. तो डाग पुढे कशानेच निघाला नाही. अम्मा दर ओणमला तीच साडी नेसते आणि डाग असलेलं टोक मुद्दाम खांद्यावरून पुढे घेते. कुणी विचारलं तर सांगते.

त्याच वेळी मी तुम्हाला पाहिलं. रस्त्याच्या पलीकडे रसवंतीपाशी तुम्ही उभ्या होतात, हातात पर्स आणि घडी घातलेली छत्री. तुम्ही बोर्ड पाहिलात, पुसणारी माझी अम्मा पाहिलीत, ती मफलरवाली रांग पाहिलीत. तुम्ही परत फिराल याची मला खात्री होती. तुम्ही रस्ता ओलांडलात. एवढं मात्र मी तुमच्या बाजूने लिहून ठेवते. कॅम्पातल्या शाळेत शिकवणारी एक बाई दिवसाढवळ्या त्या टॉकीजची पायरी चढली, आणि दारात अम्माला म्हणाली, "चला, आपण शेजारी बसू."

मफलरवाल्यांतला एक जण अप्पांना विचारत होता, "आज लेडीज लोकं बी हायेत? काय भानगड हाय?"

"फॅमिली पिक्चर आहे," अप्पा म्हणाले. "बसायचं असेल तर बसा. शिट्टी मारायची नाही."

"आलोय तर बसतो की."

अप्पा पडद्याच्या बाजूला खुर्ची टाकून माईक घेऊन बसले. मी त्यांच्या पायाशी. त्यांचं मराठी वर्कशॉपात शिकलेलं, त्यात बाई येतो आणि बस जाते की जातो हे कधीच ठरलेलं नसायचं. पण ते न घाबरता सांगत होते, हा त्याचा मामा, हे घर आईच्या नावावर आहे, आमच्याकडे काही घरांत तशी पद्धत होती, ही माणसं भांडत नाहीत, पेपर वाचून बोलतात. थोड्या वेळाने पडद्यावर तळं आलं, पाण्यात कुणीतरी बाई पाठमोरी, आणि मागून एक शिट्टी आलीच. मी जमिनीकडे बघितलं. बाई वळली तर ती त्या मुलाची आजी, तोंडात दात नाहीत, हातात साबण, आणि रागाने काहीतरी ओरडते आहे. अप्पा माईकवर शांतपणे म्हणाले, "ही आजी. ती म्हणते, कोण रे तो शिट्टी मारतो?" सगळी टॉकीज हसली, मागचे मफलरवाले सगळ्यात जास्त. खरं तर आजी साबण पाण्यात पाडणाऱ्या नातवाला बोलत होती. अप्पांनी माझ्याकडे बघून डोळा मारला. त्यानंतर शिट्टी आली नाही. मुलगा नोकरीच्या अर्जांवर अर्ज टाकत राहिला तेव्हा मागून तोच मघाचा मफलरवाला शेजाऱ्याला म्हणाला, "आमचा थोरला बी असाच बसेल हाय घरी, आयटीआय करून."

मग तो प्रसंग आला. मुलगा एजंटाच्या नादी लागून आखातात जातो, तिथे फसतो आणि वर्षभरात परत येतो. सगळा गाव अंगणात जमलेला. कुणाला सेंट हवं, कुणाला टॉर्च, पोरांना चॉकलेटं. मुलगा ओसरीवर सुटकेस टेकवून उभा. आई पुढे होते आणि सुटकेस उचलते, आणि हाताला वजनच लागत नाही, तेव्हा तिला कळतं. ती एका बाजूला झुकते, दोन्ही हातांनी मूठ धरते, आणि फार जड आहे असं दाखवत, दम खात ती रिकामी सुटकेस सगळ्यांसमोरून आत घेऊन जाते. मग बाहेर येऊन मुलाला काहीतरी म्हणते.

अप्पा बोलेनात. मी वर पाहिलं तर त्यांनी माईक मांडीवर ठेवला होता आणि चेहरा पडद्याकडून वळवला होता. ते केरळातल्या घरून निघाले तेव्हा त्यांना पोचवायला कोण आलं होतं, पहिल्या रजेला काय घेऊन गेले, हे त्यांनी आम्हाला कधी सांगितलेलं नाही. टॉकीजमध्ये नुसता यंत्राचा आवाज. आणि त्या अंधारातून तुमचा आवाज आला.

"मग? काय म्हणाली ती? सांगा ना पुढे."

वर्गात कविता म्हणायचात तोच आवाज होता, पण त्यात शिक्षिका नव्हती. अप्पांनी माईक माझ्यापुढे धरला. मी घेतला आणि म्हणाले, "ती म्हणते, ज्यांना माझ्या घराला हसायचंय त्यांनी आधी माझ्या ओसरीवर येऊन बसावं, दोन घास खावेत, आणि मग हसता येतंय का बघावं." पुढचा सगळा पिक्चर मीच सांगितला. शेवटी दिवे लागले तेव्हा अम्मा तुम्हाला केळ्याचे वेफर्स भरलेला डबा देत होती आणि तुमचे डोळे लाल होते. मफलरवाला माणूस जाताना अप्पांना हात जोडून गेला. मला वाटलं, जिंकले.

सोमवारी वऱ्हांड्यात तुम्ही मला थांबवलंत. आजूबाजूला कुणी नव्हतं. तुम्ही म्हणालात, "काल ती आई जे बोलली ना, दोन घास खा आणि मग हसून दाखवा, ते मनात राहिलं बघ. तुमच्याकडे लिहिणारे चांगले आहेत." मी म्हटलं, "हो, बाई." पुढचा तास तुमचाच होता. मी बाकावर ताठ बसून राहिले. जिथे माझ्या कागदावर रेघ मारलीत तिथेच, त्याच मुलांसमोर, तुम्ही आता हे म्हणणार. तुम्ही हजेरी घेतलीत आणि पुढचा धडा काढलात. मागून कुणीतरी हळूच "मल्याळम" म्हणालं, खिदळणं झालं, आणि तुम्ही फळ्यावर शब्दार्थ लिहीत राहिलात. त्या आठवड्यात तुम्ही अम्माचा डबा परत केलात, करंज्या भरून. अम्मा खूश झाली, म्हणाली, "बघ, बाईंनी माफी मागितली." मी म्हटलं, करंजीत माफी नसते. अम्माने मला दटावलं. पण मी एकही करंजी खाल्ली नाही, आणि आजही खाणार नाही.

तुम्ही म्हणाल, एवढंसं काय धरून बसलीस. बाई, अपमान चाळीस मुलांसमोर आणि कौतुक वऱ्हांड्यात, हा हिशेब मला तेव्हाही पटला नाही, आजही पटत नाही. तुम्ही धीट होतात, रस्ता ओलांडलात. मग वर्गातली पाच पावलं तुम्हाला का जड झाली? हे मला तुम्हाला तोंडावर विचारायचं होतं. मी कॉलेजात होते तेव्हा तुम्ही गेल्याचं कळलं. मी तुमच्या गंगापूर रोडच्या घरी भेटायला आले, भांडणासकट. तुमच्या सुनेने मला ओळखलं. म्हणाली, "तुम्ही ती माईकवाली ना? आई सारखं सांगायच्या. घरात कुणी कुणाला नावं ठेवायला लागलं की म्हणायच्या, आधी त्यांच्या ओसरीवर बस, दोन घास खा, मग हस." मी तुमच्या फोटोसमोर बसले आणि मला आणखीच राग आला. स्वयंपाकघरात तुम्ही ते इतकी वर्षं म्हणत होतात. वर्गात एकदा म्हणायचं होतं.

म्हणून मी हे काम करते. केरळातून आलेले, इथे कुणी न पाहिलेले पिक्चर आणते, त्यांना मराठी ओळी लावते आणि तुमच्या घरापासून चालत जाता येईल अशा हॉलमध्ये दाखवते. दारावरच्या बोर्डावर मल्याळम हा शब्द सगळ्यात मोठा लिहायला लावते. कोपऱ्यात काही काढू देत नाही. लोक येतात, प्राध्यापक येतात, येवल्याहून एक विणकर नवराबायको एसटीने येतात आणि आमच्या साड्यांच्या सोनेरी काठांबद्दल मला प्रश्न विचारतात. कुणी खिदळत नाही. खिदळलं तर मी पिक्चर थांबवून दिवे लावते.

आता जे तुम्हाला कधीच सांगितलं नाही ते सांगते. ते वाक्य पिक्चरमध्ये नाही, बाई. तुम्ही ज्या लिहिणाऱ्यांचं कौतुक केलंत, तुमच्या घराने जे इतकी वर्षं सांभाळलं, ते माईक हातात आल्यावर माझ्या तोंडून निघालं होतं, आणि ते तुम्हालाच होतं. ती आई बाहेर येऊन मुलाला फक्त म्हणते, "भात गार होतोय." त्या ओळीशी आलं तेव्हा मी किती तरी वेळ संगणकासमोर बसून राहिले. माझं जुनं वाक्य टाकावं असा मोह झाला. मग तुमचं तांबडं पेन आठवलं आणि मी तीन साधे शब्द लिहिले. रविवारी ते पडद्यावर आले. अप्पा पहिल्या रांगेत होते, यावेळी त्यांनी तोंड वळवलं नाही. ओळ सगळ्यांना वाचता येत होती, तेव्हा पुढे काय म्हणाली ती, असं कुणी विचारण्याचं कारण नव्हतं. तरी मी मागच्या भिंतीशी उभी राहून, कुणीतरी विचारेल म्हणून, अंधारात कान देऊन थांबले होते.